पडणाऱ्यांच्या बाजूने

आमचे मेहुणे रसिक आहेत. हे मी आधीच सांगून टाकतो, कारण ते स्वतःही कोणाकडे गेले की पहिल्यांदा तेच सांगतात. ते एका फिल्म सोसायटीचे सभासद आहेत, अजूनही खांद्याला शबनम लावतात, आणि सिनेमा संपल्यावर दिवे लागले तरी दोन मिनिटे डोळे मिटून बसून राहतात. पहिल्यांदा मला वाटलं होतं की त्यांना झोप लागली. तसं मी बोलूनही दाखवलं. तेव्हापासून ते माझ्याकडे 'बी. कॉम.' या दृष्टीने पाहतात.

गेल्या रविवारी ते संध्याकाळी अचानक आले. आम्ही चौघे, म्हणजे मी, आमची ही, चिरंजीव आणि सासूबाई, टीव्हीपुढे बसलो होतो. चिरंजीवांनी कुठली तरी खटपट करून मोबाईलवरचं चित्र टीव्हीवर आणलं होतं. पडद्यावर मॅक्स लिंडर नावाचा एक फ्रेंच गृहस्थ आंघोळीच्या टबासकट पोलिसांच्या हातून निसटला होता आणि टब पाठीवर घेऊन कासवासारखा सरळ भिंतीवर चढत होता. साल १९१०. सासूबाई इतक्या हसत होत्या की त्यांच्या तोंडातली सुपारी कुठे गेली हे नंतर शोधावं लागलं.

मेहुणे दारातच उभे राहिले. ऑडिटर व्हाउचरकडे बघतो तसे मिनिटभर बघत राहिले आणि म्हणाले,

"ह्यात विनोद कुठे आहे?"

सगळे गप्प. सासूबाई तेवढ्या हसत होत्या.

"पडणं, धडपडणं, पाणी उडवणं... हा आचरटपणा झाला. विनोद म्हणजे चॅप्लिन! मुळात ह्या धडपडीला कलेचा दर्जा दिला तो अमेरिकेने. त्याच्याकडे बघताना ओठांवर हसू येतं आणि डोळ्यांत पाणी. कारुण्याची झालर नसेल तर विनोदाला अर्थ काय?"

मी काही बोललो नाही. याचं कारण मला उत्तर सुचलं नाही हे नव्हे. आमच्या गृहकर्जाला मेहुणे जामीन आहेत. जामीनदाराशी वाद घालू नये असा नियम कुठे छापलेला नसला तरी बँकेतल्या माणसाला तो शिकवावा लागत नाही. पण तोंडी गप्प बसलेल्या माणसाला लेखी हरकत घेण्याचा अधिकार असतो. ही माझी लेखी हरकत समजावी.

हरकत पहिली : रक्कम चुकीच्या खात्यात जमा झाली आहे.

आमच्या धंद्यात याहून मोठं पाप नाही. पैसे गेले कुठेच नाहीत, बेरीज बरोबर आहे, ताळेबंद जुळतो आहे. फक्त गणपतरावांचे पैसे गजाननरावांच्या नावावर दिसताहेत. गजाननराव अर्थातच तक्रार करत नाहीत. धडपडीच्या विनोदाचं असंच झालं आहे. जमा फ्रान्सची, आणि पासबुक छापून मिळालं अमेरिकेला.

मूळ व्हाउचर मी दाखवतो. २८ डिसेंबर १८९५, पॅरिस. 'ग्रां काफे' नावाच्या उपाहारगृहाचं तळघर. त्या तळघराचं नाव 'सालाँ अँदियँ', म्हणजे चक्क 'भारतीय दिवाणखाना'. (आपलं नाव पहिल्या दिवसापासून सिनेमाशी जोडलेलं आहे, फक्त जागेच्या पाटीवर, एवढंच.) तिकीट एक फ्रँक. प्रेक्षक तेहतीस. लुमिएर बंधूंनी त्या संध्याकाळी दहा चिमुकली चित्रं दाखवली. कारखान्यातून कामगार बाहेर पडताहेत, बाळ दूध-भात खावं तसं काहीतरी खात आहे, वगैरे. आणि त्यांत एक होता माळी. हा माळी नळीने बागेला पाणी घालतो आहे. मागून एक कार्टा येतो आणि नळीवर पाय देतो. पाणी बंद. माळी नळीच्या तोंडात डोकावतो. कार्टा पाय काढतो. पाणी थेट माळ्याच्या तोंडावर! मग माळी त्या पोराला पकडून आणतो आणि पार्श्वभागी फटके देतो. खेळ खलास. पुरते पन्नास सेकंदही नाहीत.

आता बघा. लुमिएरांच्या सिनेमाने पैसे घेऊन लोकांना ज्या दिवशी पहिल्यांदा बसवलं, त्याच दिवशी त्याने एका माणसाच्या तोंडावर पाणी उडवलं. राजा-राणी, प्रेम, समाजाची स्थिती, मानवी अस्तित्वाचा पेच हे सगळं नंतर. पुढे या माळ्याचं एक रंगीत भित्तिपत्रक निघालं. एखाद्या ठराविक चित्रपटातला प्रसंग दाखवणारं जगातलं पहिलं सिनेमाचं पोस्टर ते हेच. त्यात पडद्यावर माळी भिजतो आहे आणि पुढे बसलेले प्रेक्षक हसताहेत. म्हणजे जाहिरात कशाची? पाण्याची नाही, माळ्याची नाही, हसण्याची. 'आमच्याकडे आलात तर असे हसाल' असं सांगणारी.

लुमिएरांची माणसं पुढच्याच वर्षी, ७ जुलै १८९६ ला, मुंबईत वॉटसन हॉटेलात येऊन रुपया तिकीट लावून खेळ करून गेली. त्या दिवशीच्या सहा चित्रांत आमचा माळी नव्हता. गाडी आली, समुद्रस्नान आलं, भिंत पाडणं आलं, माळी राहिला. कधी कधी मला वाटतं, आपल्या समीक्षेचं सगळं दुखणं तिथून सुरू झालं असावं. पहिल्याच दिवशी तोंडावर पाण्याचा एक फवारा बसता तर आपण बरेच सुधारलो असतो.

'हो, पण तो एक माळी झाला,' असं मेहुणे म्हणतील. ठीक आहे, पुढची पानं उलटू. १९०५ च्या सुमारास पॅरिसच्या पाथे आणि गोमाँ या दोन कंपन्यांनी धडपडीचा कारखानाच काढला. पाथेच्या एका चित्रात एक नवरा आणि त्याच्यामागे लागलेल्या दहा बायका. गोमाँच्या १९०८ च्या सुमाराच्या एका चित्रात गाडीतून भोपळे सांडतात आणि पळत सुटतात. उतारावरून पळाले तर न्यूटनसाहेबांची परवानगी आहे. हे भोपळे चढावर पळतात! भिंतीवरून उड्या मारतात, लोकांच्या घरात शिरतात. मागे गाडीवाला, त्याच्यामागे गाव, आणि त्यांच्यात गाडी ओढणारं गाढवसुद्धा. शेवटी फिल्म उलटी फिरवतात आणि सगळे भोपळे शहाण्या मुलांसारखे टुणटुण उड्या मारत परत गाडीत येऊन बसतात. १९०८ च्याच आणखी एका चित्रात धोब्याच्या गाडीचा घोडा, मालक वर कपडे पोचवायला गेला असताना, शेजारच्या दुकानातलं ओटचं पोतं फस्त करतो आणि मग असा उधळतो की अर्धं शहर आडवं होतं.

ही सगळी चित्रं अमेरिकेत जात होती आणि तिथे मॅक सेनेट नावाचा एक उमेदवार ती डोळे फाडून बघत होता. १९०९ साली त्याला एका चित्रात काम मिळालं. त्यात शहरभर धडकत जाणाऱ्या गृहस्थाचं नाव ठेवलं होतं 'मस्यो द्युपाँ'. चोरीचा माल, आणि त्यावरची मालकाची चिठ्ठीसुद्धा काढलेली नाही! याच सेनेटने १९१२ साली कीस्टोन कंपनी काढली, पोलिसांची पळापळ जगप्रसिद्ध केली आणि १९१३ च्या शेवटी चॅप्लिनला नोकरीवर घेतलं. पुढे १९५४ साली छापलेल्या आत्मचरित्रात त्याने सरळ कबुली दिली आहे की हा विनोद शोधून काढला फ्रेंचांनी, आपण त्यांची नक्कल केली आणि सुरुवातीच्या कल्पना पाथेच्या चित्रांतून उचलल्या. आरोपीने स्वतः सही करून दिल्यावर आणखी पुरावा काय द्यायचा? आणि खुद्द चॅप्लिन? त्याने मॅक्स लिंडरला आपला फोटो दिला तेव्हा त्यावर त्याला गुरुजी म्हटलं आणि स्वतःला शिष्य. चॅप्लिनची टोपी पडद्यावर आली १९१४ साली. मॅक्सची उंच रेशमी टोपी १९०७ सालीच बर्फावर घसरून चपटी झालेली होती.

चॅप्लिनबद्दल मला काही म्हणायचं नाही. तो थोरच. शिष्य गुरूपेक्षा मोठा झाला असं कोणी म्हणालं तरी मी भांडणार नाही. पण शिष्याच्या तसबिरीला हार घालताना गुरूला उद्देशून 'ह्यात विनोद कुठे आहे' असं विचारायचं, याला आमच्या खात्यात फ्रॉड म्हणतात.

हरकत दुसरी : 'आचरटपणा' या शब्दाला.

हा शब्द वापरणाऱ्यांची अशी समजूत असते की पडायला अक्कल लागत नाही. त्यांनी एकदा मुद्दाम पडून पाहावं. मी पाहिलं आहे. चिरंजीव तीन वर्षांचे असताना त्यांना हसवण्यासाठी मी सतरंजीला अडखळून पडण्याचा प्रयोग केला. चिरंजीव रडले, मला आठ दिवस रजा टाकावी लागली आणि कंबर अजून पावसाळ्यात ती तारीख सांगते. आंद्रे दीद नावाचा माणूस हेच काम वर्षानुवर्षं, आठवड्याच्या आठवड्याला करत होता. कसरती करणारा, गाणारा, रंगमंचावर वाढलेला हा गडी. पाथेकडे त्याचं नाव 'ब्वारो'. १९०९ साली इटलीत, तुरीनला गेला, तिथे झाला 'क्रेतिनेत्ती'. तीच चित्रं इंग्लंडात गेली, तिथे 'फूल्सहेड'. स्पेनमध्ये 'तोरिबिओ'. एका माणसाची इतकी नावं म्हणजे केवायसीच्या कागदपत्रांत त्याचं काय झालं असतं, या विचारानेच मला घाम फुटतो. पण मुद्दा असा की सगळ्या देशांत त्याला ओळखत होते, आणि त्यासाठी त्याला एकही भाषा यावी लागली नव्हती.

आणि आता तो टब. मेहुण्यांनी शेवटचं भिंतीवर चढणं तेवढं पाहिलं. आधीचं पाहिलं नाही. मॅक्स हा टापटिपीचा माणूस. रेशमी टोपी, हातमोजे, काठी, कोरून ठेवलेली मिशी. हौसेने आंघोळीचा टब विकत घेतो. घरी आणतो. आणि मग लक्षात येतं की खोलीत पाणी नाही! नळ बाहेर, सामाईक वाटेवर. म्हणून तो इवल्याशा भांड्याने पाणी आणतो, टबात ओततो, परत जातो, परत आणतो. तळसुद्धा ओला होत नाही. शेवटी तो अगदी सरळ विचार करतो : पाणी टबाकडे येत नसेल तर टब पाण्याकडे न्यावा. टब ओढत नळाखाली आणतो, कपडे उतरवतो आणि भर वाटेवर आंघोळीला बसतो. शेजारी येतात, आरडाओरडा होतो, पोलीस येतात आणि त्याला टबासकट उचलून नेतात.

यात आचरट काय आहे ते मला दाखवा. प्रत्येक पायरी तर्कशुद्ध आहे. एका सभ्य माणसाला स्वच्छ व्हायचं होतं. त्याने पैसे देऊन टब घेतला. नगरव्यवस्थेने पाणी दिलं नाही. त्याने उपाय काढला आणि समाजाने त्याला अटक केली. हेच कोणी तीन अंकांत लिहिलं असतं, प्रत्येक अंकात एक दीर्घ स्वगत घातलं असतं, तर मेहुण्यांनी दिवे लागल्यावर पाच मिनिटे डोळे मिटले असते.

दुसरं उदाहरण १९११ चं. मॅक्सला डॉक्टर सिंकोनाची दारू टॉनिक म्हणून देतात. मॅक्स मोठा पेला भरून घेतो आणि तर्र होतो. मग रस्त्यात, उपाहारगृहात एकेका बड्या माणसाशी भांडतो. त्या काळच्या रीतीप्रमाणे प्रत्येक जण द्वंद्वाचं आव्हान म्हणून आपलं कार्ड त्याच्या हातावर ठेवतो. पुढे पोलीस या दारुड्याला धरतात, कार्ड वाचतात, खाडकन सलाम ठोकतात आणि त्याला अदबीने त्या बड्या माणसाच्या घरी नेऊन सोडतात. एका कार्डाने एकदा, दुसऱ्या कार्डाने दुसऱ्यांदा! माणूस तोच, झिंग तीच, फक्त खिशातला कागद बदलला. मी गेली कित्येक वर्षं काउंटरवर माणसाचा चेहरा न बघता त्याने पुढे केलेला कागद बघतो आहे. या चित्राला हलकं म्हणण्याची माझी तरी छाती नाही.

आणि ओनेझीम? १९१२ साल, दिग्दर्शक झाँ द्युराँ. ओनेझीमला काकाची इस्टेट मिळणार असते, पण वीस वर्षांनी. आपण काय केलं असतं? वीस वर्षं वाट बघितली असती आणि मुदत पुरी झाल्यावर वारसाचा दाखला नाही म्हणून आणखी दोन. ओनेझीम पॅरिसची सगळी घड्याळं जिथून चालतात तिथे जातो आणि तिथलं यंत्रच जोरात फिरवून ठेवतो. झालं! शहर धावायला लागतं. माणसं पळत कामाला जातात, पळत परत येतात, घरं बघता बघता उभी राहतात, लग्न लागतं, मूल होतं, मूल बापाएवढं होतं, वीस वर्षं संपतात. मुदत ठेवीच्या व्याजावर इतकं मार्मिक भाष्य मी रिझर्व्ह बँकेच्या परिपत्रकांतही वाचलेलं नाही.

हरकत तिसरी, आणि ही मुख्य : कारुण्याची झालर.

हसण्याबरोबर रडणं आलंच पाहिजे, हा आपल्याकडे जणू अधिभार आहे. शंभर रुपयांचं हसलात? अठरा रुपयांचं रडा. नाहीतर तुमचं हसणं बिगरपावतीचं. मला कळत नाही, शोकांतिका बघताना कोणी विचारतं का, की यात गुदगुल्यांची झालर कुठे आहे? रडणाऱ्याकडे कोणी हिशेब मागत नाही. हसणाऱ्याला मात्र कायम कारण दाखवा नोटीस.

आणि या झालरवाल्यांना मॅक्स लिंडरची खरी गोष्ट कळली की ते कसे खूश होतात तेही मी पाहिलं आहे. बोर्दोजवळच्या द्राक्षमळेवाल्यांच्या घरचा हा मुलगा, जन्म १८८३. पहिल्या महायुद्धात तो जायबंदी झाला, तब्येत कायमची खचली. १९१६ साली चॅप्लिन सोडून गेलेली जागा भरायला त्याला अमेरिकेत नेलं, तिथे जमलं नाही. १९२१ मध्ये परत जाऊन त्याने फुटक्या आरशाचा तो प्रसंग केला : आरसा फुटलाय हे लपवण्यासाठी नोकर रिकाम्या चौकटीपलीकडे उभा राहून मालकाचं प्रतिबिंब बनतो आणि मालक त्याच्याकडे बघून दाढी करतो. मार्क्स बंधूंच्या १९३३ च्या आरशाची सगळे तारीफ करतात, तो बारा वर्षांनी आला. आणि ३१ ऑक्टोबर १९२५ च्या रात्री पॅरिसच्या एका हॉटेलात मॅक्सने जीव दिला. बरोबर त्याची कोवळ्या वयाची बायकोही गेली. मागे सोळा महिन्यांची मुलगी राहिली.

"बघा!" असं म्हणतात हे लोक. "हास्यामागचे अश्रू!"

मी म्हणतो, अजिबात नाही. त्या रात्री जे झालं ते भयंकर होतं. त्या मुलीसारख्या बायकोच्या बाबतीत तर फारच भयंकर होतं. पण ते त्याच्या विनोदाचं परिशिष्ट नव्हे. १९१० सालच्या टबात ते पाणी नाही. मॅक्स मेला म्हणून टब थोर ठरत नाही. मॅक्स नव्वद वर्षं जगता आणि नातवंडांना द्राक्षं सोलून देता तरी टब तेवढाच थोर असता. माणसाच्या मरणावर त्याच्या विनोदाची किंमत ठरवायची ही कुठली रसिकता? त्याच्या मुलीने, मोद लिंडरने, ते बरोबर ओळखलं. वडील तिला आठवणं शक्यच नव्हतं. पण मोठेपणी तिने जन्मभर त्यांच्या फिल्म शोधल्या, त्यांतून १९६३ आणि १९८३ साली दोन चित्रपट उभे केले, आणि २०१७ साली गेली तोवर तिने हा ध्यास सोडला नाही. ज्या मुलीला रडायचा पहिला हक्क होता तिने लोकांपुढे काय मांडलं? बापाच्या गमती.

आता प्रतिपक्षाचं थोडं मान्यही करतो, कारण बेरीज खोटी दाखवणं माझ्या रक्तात नाही. हे सगळे चित्रपट चांगले नव्हते. आठवड्याला एक या हिशेबाने काढलेल्या मालात पाट्या टाकलेल्याही पुष्कळ. पळापळ सुरू झाली की ती कशी थांबवायची हे कोणालाच ठाऊक नसायचं. दुबळ्यांची, परक्यांची टिंगल होती, काही ठिकाणी ती आज बघवत नाही. आणि अर्ध्या तासात ओळीने सहा पाहिले तर सातव्यात कोणाचं टाळकं फुटतंय याबद्दल उत्सुकता उरत नाही. पण हे तर भावगीतांबद्दलही खरं आहे.

मग मी एवढा चिडलो कशाला? सांगतो.

'हलकं' हा शब्द निरुपद्रवी नसतो. ज्याला आपण हलकं म्हणतो ते आपण जपत नाही. जॉर्ज मेलिएस हा जादूगार. स्वतःचं डोकं उपटून टेबलावर ठेवणारा, पुन्हा दुसरं उगवणारा, रबरासारखं फुगवणारा. त्याच्या फिल्म महायुद्धाच्या काळात वितळवून बुटांच्या टाचा केल्या. उरलेल्या मूळ प्रती त्याने १९२३ साली वैतागून स्वतःच जाळल्या, आणि पुढे तो मोंपार्नास स्टेशनवर खेळणी विकत बसला. चार देशांत चार नावांनी गाजलेला आंद्रे दीद शेवटी स्टुडिओत रखवालदारी करत होता असं सांगतात. आलिस गी ही गोमाँ कंपनीत सेक्रेटरी म्हणून लागलेली मुलगी. म्हणजे आमच्याच जातीची, टेबलावरची! १८९६ पासून ती चित्रपट करायला लागली आणि १९०६ साली तिने, आत चुकून दारुडा शिवला गेलेली एक गादी सगळ्या रस्त्यांतून नाचवली. पुढे सिनेमाचे इतिहास लिहिले गेले तेव्हा तिचं नाव गाळलं. ती १९६८ साली गेली. तिच्या आठवणी छापून आल्या १९७६ साली.

आणि लेओंतीन! १९१०–११ च्या पाथेच्या चित्रांतली ही द्वाड पोरगी. खेळण्यातली होडी तरंगवायला हवी म्हणून नळ सोडून अख्खं घर बुडवते. २०२२ साली काही अभ्यासकांनी अशा वात्रट बायकांचे तब्बल ९९ मूकपट गोळा करून प्रसिद्ध केले. त्यांत ही आहे. पण ते काम करणाऱ्या नटीचं नाव आजही कोणाला सांगता येत नाही. लाखो लोकांना हसवलं आणि मस्टरवर सही नाही.

आपण तरी काय केलं? आपल्या दादासाहेब फाळक्यांच्या अंगातही हे वेड होतं. 'केल्फा' असं स्वतःचं आडनाव उलटं करून ते जादूचे प्रयोग करत. 'पिठाचे पंजे' नावाचं छोटं विनोदी चित्र त्यांनी काढलं. 'राजा हरिश्चंद्र' सगळ्यांना पाठ आहे. 'पिठाचे पंजे' किती जणांनी ऐकलं आहे? आपल्या देशात तेराशेच्या वर मूकपट झाले आणि त्यांतले उरले तीसच्या आसपास. कोणी मुद्दाम जाळले नाहीत. नुसतं 'ह्यात आहे काय' एवढंच म्हटलं. तेवढं पुरतं.

आता शेवटची गोष्ट. आम्ही त्या रविवारी हे चित्र का लावलं होतं, ते मेहुण्यांनी विचारलं नाही आणि मी सांगितलं नाही. सासूबाईंना, म्हणजे त्यांच्याच आईला, गेल्या दोन वर्षांपासून जवळजवळ ऐकू येत नाही. यंत्र आणलं, ते शिट्ट्या मारतं म्हणून ड्रॉवरमध्ये आहे. मालिका बघताना त्या आमच्या तोंडांकडे बघतात आणि आम्ही हसलो की उशिरा हसतात. एके दिवशी चिरंजीवांनी सहज तो माळी लावला. पाणी उडालं आणि घरात सगळ्यात पहिल्यांदा सासूबाई हसल्या. आमच्या आधी! मग मॅक्सचा टब लावला. त्यांचं लग्नानंतरचं सगळं आयुष्य गिरगावातल्या चाळीत, सामाईक नळावर गेलेलं. मॅक्सने रिकाम्या टबाकडे बघून नळाकडे पाहिलं, तेव्हाच त्या मोठ्याने म्हणाल्या, "आता हा टबच तिकडे नेणार बघा!" पडद्यावर अजून तसं काही झालं नव्हतं. पॅरिसच्या माणसाच्या डोक्यातलं त्यांना आधी कळलं होतं.

(इथे कृपया कोणी डोळे पुसू नयेत. झालर लावलेली नाही. म्हातारी मजेत आहे.)

मेहुणे त्या दिवशी चहा घेऊन, शबनम सावरून उठले. दाराशी त्यांनी आईला वाकून नमस्कार केला आणि मोठ्याने, तोंड हलवून, विचारलं, "आई, पुढच्या रविवारी येऊ का? एक चांगला पिक्चर घेऊन येतो. इराणी आहे. फार तरल आहे."

सासूबाईंनी त्यांच्या तोंडाकडे नीट बघितलं, मान डोलावली आणि माझ्याकडे वळून म्हणाल्या,

"जावईबापू, ते भोपळे लावा."